दिवाणी दाव्यातील अंतरिम आदेश आणि अनुच्छेद २२७: उच्च न्यायालय नेमके काय तपासते?

प्रथमदर्शनी (धागालेखक)

तालुक्याच्या न्यायालयात मनाई हुकूम नाकारला गेला आणि जिल्हा न्यायालयातही अपील फेटाळले गेले, की पक्षकाराचा पुढचा प्रश्न ठरलेला असतो: "मग आता हायकोर्टात रिट टाकायची ना?" रिट टाकता येते, हे खरे. मात्र ती टाकताना पक्षकाराच्या मनात, आणि पुष्कळदा याचिकेच्या मसुद्यातही, तिसऱ्या अपिलाची कल्पना असते. माझ्या मते बहुसंख्य याचिका तिथेच फसतात, म्हणून हा धागा.

आधी मार्ग पाहू. तात्पुरत्या मनाईचा अर्ज, म्हणजे आपल्याकडची सुप्रसिद्ध निशाणी ५, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३९, नियम १ व २ खाली चालतो. प्रथमदर्शनी बाजू, दोन्ही पक्षांच्या सोयी-गैरसोयीची तुलना आणि भरून न येणारे नुकसान या तीन कसोट्यांवर न्यायालय निर्णय देते. त्या निर्णयाविरुद्ध ऑर्डर ४३, नियम १(आर) प्रमाणे अपील आहे. तालुका पातळीवरील दाव्यात ते साधारणतः किरकोळ दिवाणी अपील म्हणून जिल्हा न्यायालयात जाते आणि त्याची मुदत ३० दिवसांची असते. मुंबईच्या शहर दिवाणी न्यायालयाच्या आदेशावरील अपील थेट उच्च न्यायालयात जाते. त्या अपिलात झालेल्या आदेशावर पुन्हा अपील नाही, असे कलम १०४(२) स्पष्टपणे सांगते. संहितेने दिलेली शिडी इथे संपते.

यापुढे उरतो तो राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खालचा देखरेखीचा अधिकार. त्याची मुळे घटनेपेक्षा जुनी आहेत. १८६१ च्या उच्च न्यायालय कायद्याच्या कलम १५ मध्ये तो होता, १९१५ च्या कायद्यात कलम १०७ म्हणून आला, १९३५ च्या कायद्याने त्याला कात्री लावली आणि १९५० मध्ये घटनेने तो पूर्ण स्वरूपात परत दिला. सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्येच, वर्यामसिंग विरुद्ध अमरनाथ या निकालात, त्याची सीमा आखली: कनिष्ठ न्यायालयांना त्यांच्या अधिकाराच्या हद्दीत ठेवण्यासाठी हा अधिकार जपून वापरावा, केवळ चुका दुरुस्त करण्यासाठी वापरू नये.

म्हणजे उच्च न्यायालयासमोर विषय असतो तो खालच्या न्यायालयाच्या वागणुकीचा. आदेश चुकीचा आहे एवढे दाखवून भागत नाही. तो देताना न्यायालयाने आपली मर्यादा ओलांडली, किंवा जे करणे त्याला बंधनकारक होते ते केलेच नाही, हे दाखवावे लागते. चर्चा व्हावी ती या भेदावर.

गटनंबर

लेख उपयुक्त आहे. मी वकील नाही, त्यामुळे शंका प्राथमिक वाटल्यास सांभाळून घ्यावे. दोन्ही न्यायालयांनी एकच निर्णय दिला असेल तर उच्च न्यायालय हात घालणार नाही, हे समजते. परंतु कनिष्ठ स्तर न्यायालयाने मनाई दिली आणि जिल्हा न्यायालयाने ती उठवली, तर दोघांपैकी एक चुकीचे असणारच. अशा वेळी उच्च न्यायालयाला कोण बरोबर हे ठरवावेच लागेल. मग ते तिसरे अपीलच झाले की!

प्रथमदर्शनी

गटनंबर, शंका प्राथमिक मुळीच नाही. अनुच्छेद २२७ चा सर्वांत सकस वापर याच परिस्थितीत होतो.

मनाई देणे किंवा नाकारणे हा विवेकाधिकाराचा भाग आहे, आणि विवेकाधिकारात एकाच वस्तुस्थितीवर दोन वाजवी निर्णय संभवतात. म्हणून "दोघांपैकी एक चुकीचे असणारच" हे गृहीतक टिकत नाही. वाँडर विरुद्ध अँटॉक्स या १९९० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशा अपिलाला तत्त्वाधिष्ठित अपील मानले. मूळ न्यायालयाने विवेकाधिकार मनमानीने, लहरीपणाने किंवा विपर्यस्तपणे वापरला असेल, अथवा अंतरिम मनाईची प्रस्थापित तत्त्वे दुर्लक्षिली असतील, तरच अपील न्यायालयाने त्यात बदल करावा. आपण मूळ न्यायाधीशाच्या जागी असतो तर वेगळे ठरवले असते, एवढे कारण पुरेसे नाही.

आता हे तुमच्या उदाहरणाला लावून पाहा. जिल्हा न्यायालयाने सातबारा, फेरफार आणि मोजणी नकाशा पुन्हा पहिल्यापासून तपासले, वेगळे मत बनवले आणि मनाई उठवली; पण मूळ आदेशात विपर्यास कोठे आहे, याबद्दल अवाक्षरही लिहिले नाही. अशा वेळी याचिकाकर्त्याचा खरा मुद्दा "जमीन माझ्या ताब्यात आहे" हा नसतो. "अपील न्यायालयाने अपिलाची मर्यादाच ओलांडली" हा असतो, आणि हा थेट देखरेखीचा विषय आहे. उच्च न्यायालय तेव्हा ताब्याचा पुरावा नव्याने तोलत नाही. जिल्हा न्यायालय आपल्या चौकटीत राहिले की नाही, हे पाहते. निकालपत्रात दोन्ही गोष्टींचा उल्लेख येत असल्याने बाहेरून तिसऱ्या अपिलासारखे दिसते, हे मान्य.

उलट मूळ आदेशाने एखादा नोंदणीकृत दस्तऐवज पाहिलाच नसेल आणि जिल्हा न्यायालयाने नेमके तेच कारण देऊन हस्तक्षेप केला असेल, तर त्यानंतरची याचिका सहसा प्रवेशाच्या टप्प्यावरच थांबते.

जुनी बारनिशी

एक तांत्रिक बाब धाग्यात यायला हवी. मुंबई उच्च न्यायालयात अनुच्छेद २२७ खालील प्रकरणालाही "रिट याचिका" असाच क्रमांक पडतो. त्यामुळे अनुच्छेद २२६ (उच्च न्यायालयाचा रिट काढण्याचा अधिकार) आणि २२७ यांची सरमिसळ पक्षकारांत आहे तशी वकिलांतही आहे, आणि मसुद्यावर "अनुच्छेद २२६ व २२७ अन्वये" असे लिहून मोकळे होण्याची सवय जुनी आहे.

या सरमिसळीला काही काळ सर्वोच्च न्यायालयाचाच आधार होता. सूर्यदेव राय विरुद्ध रामचंदर राय हे २००३ चे प्रकरण अंतरिम मनाईचेच होते. मूळ न्यायालयाने अर्ज फेटाळला, अपीलही फेटाळले गेले, आणि याचिका चालूच शकत नाही असे अलाहाबाद उच्च न्यायालयाने म्हटले. द्विसदस्यीय खंडपीठाने ते बदलले आणि दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक आदेशाविरुद्ध अनुच्छेद २२६ खाली उत्प्रेषण रिटही (खालचा आदेश तपासून रद्द करणारे) काढता येते, असे ठरवले. हे मत राधेश्याम विरुद्ध छबीनाथ या २०१५ च्या त्रिसदस्यीय निकालाने अमान्य केले. आता दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक आदेशावर अनुच्छेद २२६ चे रिट नाही. जो काही मार्ग आहे तो अनुच्छेद २२७ चा.

त्रिसदस्यीय पीठाला आधार मिळाला तो नरेश मिरजकर प्रकरणातील १९६६ च्या नऊ न्यायाधीशांच्या निकालाचा. गंमत अशी की तेही मुंबईचेच, आणि तेही दाव्यातील मधल्या आदेशाचे: अब्रुनुकसानीच्या दाव्यात एका साक्षीदाराची जबानी वर्तमानपत्रांनी छापू नये, असा तोंडी आदेश उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेने दिला होता आणि वार्ताहरांनी त्याला मूलभूत हक्कांच्या आधारे आव्हान दिले होते. ते टिकले नाही.

कैफियत

बारनिशी, या लेबलाने पक्षकाराला प्रत्यक्षात फरक काय पडतो? उच्च न्यायालय शेवटी तेच कागद पाहणार.

जुनी बारनिशी

पडतो, आणि तो निकालानंतर कळतो. एकल न्यायाधीशांनी अनुच्छेद २२६ खाली निर्णय दिला असेल तर त्यावर खंडपीठाकडे लेटर्स पेटंट अपील (उच्च न्यायालयाच्या सनदेखालचे, त्याच न्यायालयातील अपील) होऊ शकते. अनुच्छेद २२७ खालील निर्णयावर होत नाही. उमाजी केशव मेश्राम प्रकरणात १९८६ मध्ये हे ठरले, आणि तेही आपल्याच उच्च न्यायालयाच्या नियमांचा अर्थ लावताना. याचिकेच्या शीर्षकात दोन्ही अनुच्छेद घालून अपिलाची खिडकी उघडी ठेवण्याची युक्ती राधेश्यामनंतर दिवाणी न्यायालयांच्या आदेशांपुरती निरुपयोगी झाली आहे. पुढे राहतो तो अनुच्छेद १३६ खालील सर्वोच्च न्यायालयातील विशेष अनुमती अर्ज, आणि अंतरिम आदेशात तिथे किती वाव मिळतो, हे येथील जाणकारांना सांगायला नको.

खासगी मालमत्तेच्या वादात सर्रास रिट दाखल करण्याच्या मुंबईतील प्रथेवर शालिनी श्याम शेट्टी विरुद्ध राजेंद्र शंकर पाटील या २०१० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सरळ नाराजी व्यक्त केली होती. अनुच्छेद २२७ ची तत्त्वे एका ठिकाणी वाचायची असतील तर तो निकाल सर्वांत सोयीचा.

कैफियत

आभार. आता माझा मतभेद मांडतो. धागालेखकांची मांडणी तत्त्व म्हणून निर्दोष आहे, पण दिवाणी दाव्याचे वास्तव लक्षात घेता ती पक्षकारावर अन्याय करणारी आहे. आपल्याकडे दावा वर्षानुवर्षे चालतो. ज्याच्या बाजूने अंतरिम आदेश आहे, त्याला दावा संपवण्याची घाई नसते. ज्याच्या विरुद्ध आहे, त्याची जमीन दरम्यान विकली जाते, तीवर बांधकाम उभे राहते, त्रयस्थांचे हक्क निर्माण होतात. अंतरिम आदेश हाच व्यवहारात अंतिम निकाल ठरतो. मग त्यातली चूक दुरुस्त करण्यास उच्च न्यायालयाने इतके आखडते का घ्यावे?

शिवाय हा संकोच कायद्याने वाढवला आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११५ खाली, अपील नसलेला आदेश उच्च न्यायालय पुनरीक्षणात तपासू शकते; १९७६ च्या दुरुस्तीनंतर त्याच्या परंतुकात दोन पर्याय होते: आदेश उलट झाला असता तर कार्यवाही अंतिमतः निकाली निघाली असती, हा एक, आणि आदेश तसाच राहिल्यास न्यायाची हानी किंवा भरून न येणारे नुकसान होईल, हा दुसरा. १९९९ च्या दुरुस्तीने दुसरा पर्याय काढून टाकला आणि १ जुलै २००२ पासून ते लागू झाले. पक्षकाराच्या खऱ्या दुःखाला जागा देणारा पर्याय तोच होता.

प्रथमदर्शनी

कैफियत, तुमच्या वर्णनाशी मी सहमत आहे, निष्कर्षाशी अर्धाच.

कलम ११५ मधील बदलाचा परिणाम आधी उदाहरणाने स्पष्ट करतो, कारण त्याशिवाय अनुच्छेद २२७ कडे एवढी गर्दी का झाली हे कळत नाही. प्रतिवादीने ऑर्डर ७, नियम ११ खाली वादपत्र फेटाळण्याचा अर्ज दिला. तो मंजूर झाला तर तो हुकूमनामा मानला जातो आणि त्यावर अपील आहे. नामंजूर झाला तर पुनरीक्षण अर्ज चालतो, कारण तो मंजूर झाला असता तर दावाच संपला असता. आता वादपत्र दुरुस्तीचा अर्ज घ्या, किंवा कोर्ट कमिशनर नेमण्याचा. तो मंजूर होवो वा नामंजूर, दावा पुढे चालतच राहतो. अपील नाही, पुनरीक्षणही नाही. अंतिम हुकूमनाम्यावरील अपिलात कलम १०५ खाली त्या आदेशातील चूक मांडता येते, पण तोवर थांबायचे. ज्याला थांबायचे नाही तो अनुच्छेद २२७ कडे वळतो. उच्च न्यायालयांवरील पुनरीक्षणाचा भार आणि दाव्यांतील विलंब कमी व्हावा म्हणून एक दार लहान केले. लोक शेजारच्या दाराने आत आले. घटनेने दिलेला अधिकार संहितेतील दुरुस्तीने कमी होत नाही, हे सूर्यदेव रायमधील मत आजही ग्राह्य आहे. बदलला तो अनुच्छेद २२६ बद्दलचा भाग.

आता तुमचा मूळ मुद्दा. अंतरिम आदेश व्यवहारात अंतिम ठरतो, हे दुखणे दाव्याच्या विलंबाचे आहे. त्यावर उपाय म्हणून उच्च न्यायालयाने प्रत्येक निशाणी ५ नव्याने ऐकायची ठरवली, तर आधीच लांबलेल्या दाव्यात आणखी एक लांबण तयार होईल, आणि ती ज्याला हवी असते त्याच्याच हाती शस्त्र मिळेल. हस्तक्षेपाची मागणी करणारा नेहमी पीडितच असतो, असे नाही.

पण ज्या आदेशात कारणेच नाहीत, जिथे तीन कसोट्यांचा केवळ नामोल्लेख करून पुढच्या ओळीत "सबब अर्ज मंजूर" लिहिले आहे, जिथे पुराव्यात नसलेली गोष्ट गृहीत धरली आहे किंवा असलेला निर्णायक कागद पाहिलेलाच नाही, तिथे उच्च न्यायालयाने संकोच करण्याचे कारण नाही. ती साधी चूक राहत नाही. अधिकार न वापरणे किंवा भलत्याच रीतीने वापरणे ठरते. आपल्या याचिकेत हेच शोधावे आणि पहिल्या दोन पानांत मांडावे. पन्नास पाने मालकी हक्कावर लिहून शेवटी "आदेश विपर्यस्त आहे" असे एक वाक्य जोडणारा मसुदा न्यायमूर्तींना काहीच सांगत नाही.

कैफियत

"विपर्यस्त" हा शब्द मात्र पुरेसा लवचीक आहे. एका न्यायमूर्तींना जे विपर्यस्त वाटते ते दुसऱ्यांना "संभाव्य मत" वाटते.

प्रथमदर्शनी

यावर माझ्याकडे उत्तर नाही. गार्मेंट क्राफ्ट विरुद्ध प्रकाशचंद गोयल या २०२२ च्या निकालात निष्कर्ष कोणत्याही पुराव्यावर आधारलेला नसणे, किंवा कोणत्याही समंजस व्यक्तीला काढता न येण्याजोगा असणे, अशी कसोटी सांगितली आहे. ती कठोर आहे, पण ती लावणारी माणसेच आहेत.

मोजणी नकाशा

एकतर्फी मनाईबद्दल कोणी लिहील का? नोटीस न देता आदेश झाला आणि पुढे तारखेवर तारीख पडत असेल, तर थेट अनुच्छेद २२७ खाली जाता येते का? जिल्हा न्यायालयात जाणे म्हणजे वेळ घालवणे, असे आम्हाला सांगण्यात आले.

निशाणी पाच

ज्यांनी सांगितले त्यांच्याशी पुन्हा बोलावे, असे सुचवतो. ऑर्डर ३९, नियम ३ प्रमाणे नोटिशीविना मनाई देताना विलंबाने हेतू विफल कसा होईल याची कारणे नोंदवणे आवश्यक आहे. शिवकुमार चढ्ढा प्रकरणात १९९३ मध्ये ते बंधनकारक मानले गेले. नियम ३अ प्रमाणे अशा अर्जाचा निकाल मनाई दिल्यापासून ३० दिवसांत देण्याचा प्रयत्न न्यायालयाने करायचा आहे, आणि तसे शक्य नसल्यास कारणे लिहायची आहेत.

हे झाले नाही तर काय, याचे उत्तर वेंकटसुब्बैया नायडू विरुद्ध चेल्लप्पन या २००० च्या निकालात आहे: मनाई उठवण्याचा अर्ज प्रलंबित असला तरी त्या एकतर्फी आदेशाविरुद्ध अपील करता येते. म्हणजे तुमचा मार्ग संहितेतच आहे. आणि संहितेत मार्ग असताना तो टाळून अनुच्छेद २२७ खाली गेल्यास काय होते, हे विरुधुनगर हिंदू नाडारगल सभा प्रकरणात २०१९ मध्ये दिसले. तिथेही अंतरिम मनाईवर अपील करण्याऐवजी थेट उच्च न्यायालय गाठले होते, उच्च न्यायालयाने दाद दिली, आणि सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. दिवाणी प्रक्रिया संहितेखालचा पर्यायी उपाय असेल तर अनुच्छेद २२७ ला जवळजवळ पूर्ण मज्जाव समजावा, असे तिथे म्हटले आहे. कायदा अधिकार काढून घेत नाही. उच्च न्यायालयाने स्वतःला घालून घेतलेली ही शिस्त आहे.

वाणिज्यिक दाव्यांत ही शिस्त आणखी कडक आहे. २०१५ च्या वाणिज्यिक न्यायालय कायद्याच्या कलम ८ ने अंतरिम आदेशावरील पुनरीक्षण अर्ज, अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावरील आदेशासह, बंद केला आहे.

जुनी बारनिशी

अधिकारक्षेत्राचा विषय निघालाच आहे तर महाराष्ट्रापुरती पुस्ती. आपल्याकडे संहितेला कलम ९अ जोडलेले होते: अंतरिम अर्जाच्या सुनावणीत अधिकारक्षेत्राची हरकत आली की आधी तो मुद्दा प्राथमिक म्हणून निकाली काढायचा. निशाणी ५ लांबवण्याचा तो राजमार्ग झाला होता. २०१८ मध्ये ते कलम वगळले गेले. जुने निकाल वाचताना हे ध्यानात ठेवावे.

गटनंबर

शेवटचे दोन प्रश्न. याचिका दाखल केली की खालचा दावा आपोआप थांबतो का? आणि उच्च न्यायालयाने निकालात "वादीचा ताबा दिसत नाही" असे लिहिले, तर दावा तिथेच संपल्यात जमा का?

प्रथमदर्शनी

पहिल्याचे उत्तर नकारार्थी. नुसत्या दाखल करण्याने काहीच थांबत नाही. पुनरीक्षणाबाबत तर कलम ११५(३) ते शब्दांत सांगते. स्थगिती स्वतंत्रपणे मागावी आणि मिळवावी लागते. एकदा मिळालेली स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपते, असे एशियन रिसर्फेसिंगच्या २०१८ च्या निकालामुळे मानले जाई आणि त्या आधारावर खालची न्यायालये काम पुढे नेत. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने अलाहाबाद उच्च न्यायालय बार असोसिएशनच्या प्रकरणात ते रद्द केले. आता स्थगिती उठवायची असेल तर तसा अर्ज करून, दोन्ही बाजू ऐकल्यावरच ती उठते. विरुद्ध पक्षाने स्थगिती घेऊन प्रकरण पडू दिले असेल, तर अर्ज तुम्हीच द्यायचा आहे; दिनदर्शिका तुमच्यासाठी काही करणार नाही.

दुसऱ्या प्रश्नाबाबत: अंतरिम टप्प्यावरील निरीक्षणे, ती कोणत्याही न्यायालयाची असोत, प्रथमदर्शनी असतात. पुरावा नोंदवल्यावर दाव्याचा निकाल त्या पुराव्यावर द्यायचा असतो, आणि उच्च न्यायालय बहुधा तसे वाक्य निकालाच्या शेवटी घालतेच. ते घातलेले नसेल तर त्याच वेळी, आदेश सांगितला जात असतानाच, वकिलांनी विनंती करावी. त्याबरोबर दावा ठरावीक मुदतीत निकाली काढण्याचे निर्देश मागण्याची पद्धत आहे, आणि याचिका फेटाळली गेली तरी पक्षकाराच्या हाती लागणारा हा मोठा दिलासा असे. मात्र त्याच २०२४ च्या निकालाने घटनात्मक न्यायालयांनी सर्वसाधारण परिस्थितीत अशा मुदती घालून देऊ नयेत, असे म्हटले आहे. कोणते प्रकरण आधी घ्यायचे हे तिथल्या न्यायाधीशाला अधिक चांगले समजते, हे त्यामागचे कारण. त्यामुळे मुदत हवी असेल तर आपले प्रकरण अपवादात्मक का, म्हणजे पक्षकाराचे वय, मालमत्तेची स्थिती, दाव्याचे वर्ष आणि पुरावा कोठवर आला आहे, हे याचिकेतच शपथेवर लिहिलेले असावे.